मैदान राखणारे आप्पा

शनिवारी दुपारी आमच्या कॉलनीत आप्पा भाजीची बुट्टी घेऊन दारोदार फिरतात आणि लोकांचे मोबाईल गोळा करतात.

चोर नव्हेत हो! मिलिटरीतून हवालदार म्हणून रिटायर झालेला सत्तरीचा माणूस. ताठ कणा, पांढऱ्या मिशा, इस्त्रीचा शर्ट. दारात उभे राहून म्हणतात, "दोन तासांसाठी पायजे. चार्जिंग करून परत देतो." नवीन राहायला आलेली माणसं घाबरून दार लावून घेतात. आम्ही जुनी माणसं मुकाट्यानं मोबाईल बुट्टीत टाकतो, कारण टाकल्याशिवाय आप्पा दारातून हलत नाहीत.

मग घरी जाऊन कॉटवर सात-आठ मोबाईल उशांना टेकवून ओळीनं उभे करायचे आणि सगळ्यांवर एकच फुटबॉलची मॅच लावायची. ती तरी कुठली? युक्रेनची. तीही मोठ्या टीमची नव्हे. तिथल्या सगळ्यात खालच्या डिव्हिजनची, जिथं मैदानाच्या एका बाजूला कोबीचा मळा दिसतो आणि बॉल त्यात गेला की खेळाडूच आणायला जातात.

"आवं आप्पा, एका मोबाईलवर दिसतंय की! बाकीचे कशाला?" मी पहिल्यांदा विचारलं तेव्हा त्यांनी स्क्रीनच्या कोपऱ्यावर बोट ठेवलं.

"ह्यो आकडा बघ. किती जण बघत्यात त्याचा. अकरा. त्यातलं आठ माझंच हायत. मी उठलो तर ऱ्हातंय काय?"

"पण त्यांना काय कळतंय तिकडं?"

"कळतंय गं. बघणारं कुणी नसलं की पाय उचलत न्हाईत. मला इचार."

आता माझी अडचण ऐका. माझा डब्यांचा धंदा. मिरजेत गल्लोगल्ली दवाखाने, पेशंटबरोबर आलेली माणसं लांबलांबची, त्यांना माझा डबा जातो. सगळ्या ऑर्डरी फोनवर. एका शनिवारी जमखंडीच्या एका बाईनं तीन डब्यांसाठी फोन केला. तो उचलला आप्पांनी. म्हणाले, "आत्ता कॉर्नर हाय, मागनं करा," आणि ठेवून दिला. बाईंनी मागनं काही केला नाही. मी भांडायला गेले तर म्हणतात, "पोरी, डबा उद्याबी जाईल. त्यो कॉर्नर परत येतोय व्हय?" आता काय बोलायचं या माणसाला! मी कपाळावर हात मारून घेतला आणि त्यांच्याच हातचा चहा पिऊन परत आले.

आप्पा स्वतः पलटणीच्या टीममधे डिफेन्सला खेळायचे. खेळ सुटून तीस-पस्तीस वर्षं झाली, पण डिफेन्स काही सुटलेला नाही. बँकेच्या रांगेत कुणी मधे घुसायला लागलं की आप्पा नुसतं खांदा वळवून उभे राहतात. लग्नात जेवायला बसले तर भिंतीला पाठ लावून, दार समोर दिसेल असे. कॉलनीतली कुत्री फाटकातून आत यायला बघतात आणि आप्पांना बघून विचार बदलतात. ते कुणाला मारत नाहीत, ओरडत नाहीत. "जागा सोडायची न्हाई," एवढंच त्यांचं म्हणणं. पाण्याचा टँकर आला तरी तेच, आणि माझ्या नवऱ्याची सांगलीला बदली होणार होती तेव्हा तोच सल्ला. बदली झाली ती झालीच, तो भाग वेगळा.

या युक्रेनच्या टीममधला चार नंबरचा शर्ट म्हणजे आप्पांचा जीव. नाव बोहदान, वय छत्तीस. त्याची सगळी कारकीर्द आप्पांना पाठ. पहिला क्लब बंद पडला. दुसऱ्या क्लबात दोन वर्षं बाकावर बसला. तिसरा क्लब वरच्या डिव्हिजनला चढला आणि चढताना यालाच मागं सोडून गेला. चौथ्यात गुडघा गेला. आता म्हणे सकाळी बेकरीत पावाचे ट्रे उचलतो आणि दुपारनंतर प्रॅक्टिसला जातो. पंधरा-सोळा वर्षांत एकच गोल केला, तोही आपल्याच जाळ्यात.

"वारं व्हतं त्या दिवशी," आप्पा लगेच म्हणणार. "आन् गोल करणाऱ्याचं सगळेच बघत्यात. ज्यानं होऊ दिला न्हाई त्याच्याकडं कोण बघतंय?"

हे खूळ आलं कुठून, तर नातीकडून. ती डॉक्टरकीला तिकडं गेली होती. होस्टेलच्या मागंच हे मैदान. दर शनिवारी व्हिडिओ कॉल करायची आणि आजोबांना फुटबॉलचं वेड म्हणून खिडकीतून मॅच दाखवायची. आप्पांच्या मोबाईलवर तिनंच 'आप्पा इंडिया' नावाचं खातं काढून दिलं. मॅचच्या खाली लोक लिहितात, त्यात हात जोडलेलं चित्र कसं टाकायचं तेही शिकवलं. एकदा खालचं काहीतरी वाचून तिनं सांगितलं, "आप्पा, ही सूर्यफुलाच्या फोटोवाली बाई आहे ना, ती चार नंबरची आई आहे." पुढं लढाई पेटली, नात कशीबशी घरी आली, आता दुसरीकडं शिकते. कामात असते, शनिवारचा फोन बंद झाला. ती आई पण देश सोडून कुठं लांब गेली. चार नंबर तिथंच राहिला.

आणि आप्पाही तिथंच राहिले. दर शनिवारी मॅच सुरू झाली की हात जोडायचे. तिकडून सूर्यफूलवाली काहीबाही लिहायची. आप्पांना एक अक्षर कळायचं नाही. "आई हाय, चांगलंच लिवलं असंल," म्हणायचे.

एकदा मी मोबाईल आणायला गेले तर आठही पडद्यांवर नुसतं मोकळं मैदान. माणूस नाही काणूस नाही. आप्पा खुर्चीत ताठ बसलेले.

"संपली का मॅच?"

"भोंगा झाला. इमानं आल्यात. सगळी खाली तळघरात गेलीत."

"मग तुम्ही काय बघताय?"

"राखतोय," आप्पा म्हणाले. "ती वर येईस्तवर मैदान राखाय नको कुणी?"

मला हसू आलं. मी हसलेही. आज त्याची लाज वाटते.

आप्पांच्या बायकोला जाऊन सहा वर्षं झाली. मुलगा पुण्याला. वाईट नाही हो, पण कायम घाईत. परवा आप्पांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन ठरलं. एरवी त्याच दिवशी घरी सोडतात, पण आप्पांची शुगर वाढलेली, म्हणून रात्रभर ठेवणार होते. मुलगा फोनवर म्हणाला, "आजकाल किरकोळ असतं ते." फॉर्मवर 'सोबतचे नातेवाईक' अशी ओळ होती. आप्पांनी माझं नाव लिहिलं आणि 'नाते' समोर लिहिलं, शेजार.

दिवस नेमका शनिवार. सीझनची शेवटची मॅच आणि चार नंबरचीही शेवटची, यानंतर तो खेळणार नव्हता. आत नेताना आप्पांनी माझा हात घट्ट धरला. मला वाटलं घाबरले.

"रंजना, साडेतीनला लागंल. आज तू बस."

"बसते की."

"नुसतं लावून सोडायचं न्हाई. बसायचं. आकडा शून्यावर जाऊ देऊ नगंस. त्याची शेवटची हाय."

"बरं."

"जागा सोडायची न्हाई."

"न्हाई सोडत, आवं! जावा आता, डॉक्टर थांबलेत."

संध्याकाळचे बावीस डबे करायचे होते. बुट्टी घेऊन फिरायला वेळ कुठला? माझाच मोबाईल पिठाच्या डब्याला टेकवला आणि चपात्या लाटायला बसले. आकडा सहा. चार नंबर दिसला. गुडघ्याला पट्टी, डोक्यावर केस विरळ. आप्पांच्या तोंडून इतकं ऐकलेलं, की आपल्या घरातलं कुणी खेळतंय असं वाटायला लागलं.

अर्ध्या तासानं भोंगा झाला. बघता बघता मैदान रिकामं. आकडा सहाचा चार झाला, तीन झाला, मग एक.

तो एक म्हणजे मी.

पाऊण तास गेला. गोलाची जाळी वाऱ्यानं हलत होती. कोबीच्या मळ्याकडून एक कुत्रं आलं, मधोमध बसलं आणि उठून गेलं. माझा तवा तापलेला, फोन लावून भाजीवाल्याला कोथिंबीर सांगायची होती. एक बोट लावलं की झालं. पण नाही लावलं. मला इतकं एकटं वाटलं म्हणून सांगू! भरल्या घरात, बावीस डब्यांच्या मधे. आणि मग लक्षात आलं, आप्पा असे दर शनिवारी बसतात. तीन वर्षं बसताहेत. आम्ही मोबाईल देतो, पण त्यांच्या शेजारी खुर्ची ओढून कुणी बसलेलं नाही.

शेवटी तळघरातून माणसं वर आली. सगळ्यात पुढं चार नंबर. आकडा हळूहळू चढत पाचवर गेला. मॅच शून्य-शून्य सुटली. सगळ्यांनी त्याला मिठ्या मारल्या, त्यानं शर्ट काढून गवतावर घडी करून ठेवला. मी पिठाच्या हातानं डोळे पुसले आणि तेवढ्यात खाली सूर्यफूल दिसलं. अक्षर परकं. खाली भाषांतराचं बटण होतं, ते दाबलं.

संध्याकाळी डबा घेऊन दवाखान्यात गेले. आप्पा एका डोळ्याला पट्टी लावून भिंतीला पाठ टेकून बसले होते, दार समोर दिसेल असे.

"गोल?"

"एकपण नाही. शून्य-शून्य."

"म्हंजे चारनं काम केलं." मान हलवली. "आकडा?"

"एकावर आला होता. शून्यावर नाही गेला."

"शाब्बास."

"आप्पा, त्याच्या आईनं लिहिलंय."

"लिवणारच. पोराची शेवटची मॅच."

"पोराचं नाही लिहिलं. ऐका." मी मोबाईल काढून वाचलं. "'आज आप्पा आले नाहीत. ते नेहमी येतात. भोंगा झाल्यावर सुद्धा ते थांबतात, मी परत येते तेव्हा त्यांचं नाव तिथंच दिसतं. त्यांची तब्येत बरी आहे ना? कुणाला माहीत आहे का?'"

आप्पा म्हणाले, "कुणाचं नाव म्हणलीस?"

"तुमचं."

"परत वाच."

मी परत वाचलं. तिसऱ्यांदा वाचलं तेव्हा पट्टी नसलेल्या डोळ्यातून पाणी मिशीत उतरलं. तेवढ्यात सिस्टर आल्या आणि ओरडल्या, "आजोबा, डोळ्याला पाणी लागू द्यायचं नाही म्हणून सांगितलंय ना!"

"बाहेरचं न्हाई लागलं, सिस्टर," आप्पा म्हणाले.

मग माझ्याकडं वळून, "लिव तिला."

"काय लिहू? ऑपरेशनचं सांगू?"

त्यांनी उशाशी ठेवलेल्या स्वतःच्या मोबाईलकडं बघितलं. मुलाचा फोन यायचाच होता अजून.

"नगं. आप्पा जागेवर हाय म्हणून लिव."

मी लिहिलं. मग खुर्ची ओढली आणि त्यांचं जेवण होईपर्यंत शेजारी बसले.