जिन्यातला एकटा माणूस

मेहुण्याच्या प्रायोगिक लघुपटाला बक्षीस मिळालं आणि विमा कचेरीतल्या कारकुनाच्या पोटात दुखू लागलं. लघुपटात होती काय, तर एक रिकामी खुर्ची. अकरा मिनिटं नुसती खुर्ची. परीक्षकांनी लिहिलं, 'शहरी एकाकीपणाचं जळजळीत दर्शन.' जळजळ झाली ती कारकुनाला.

"खुर्चीला बक्षीस देतात? मी तर चक्क माणूस बसवतो," तो बायकोला म्हणाला.

"बसवा. पण आधी माझ्या भावाचं अभिनंदन करा."

ते त्याने केलं नाही. पुढच्या वर्षी, प्रवेशिका पाठवायच्या शेवटच्या दिवशी सकाळी त्याने इमारतीच्या जिन्यात कॅमेरा लावला आणि स्वतः गुडघ्यांत डोकं घालून पायरीवर बसला. लोक ढुंकूनही न बघता जातील आणि निष्ठुर शहर आपोआप टिपलं जाईल, असा बेत होता.

दुसऱ्याच मिनिटाला तळमजल्यावरच्या शिवणकामवाल्या काकू थांबल्या. "काय झालं हो? घरात बोलाचाली झाली का?"

"काही नाही. तुम्ही जा."

'जा' म्हणणारा माणूस फारच दुखावलेला असणार, म्हणून काकू शेजारी बसल्या. त्यांना बघून निवृत्त मास्तर थांबले आणि रक्तदाबाचं यंत्र घेऊन आले. आकडा जास्त निघाला, कारण कारकून संतापला होता. मग त्याला भिंतीला टेकवून पाणी पाजण्यात आलं.

वैतागून त्याने पाटी लावली: 'एकटेपणाचं काम चालू आहे. कृपया बोलू नये.' ती वाचायला अख्खा तिसरा मजला खाली आला. दुपारपर्यंत पायऱ्यांवर सतरा माणसं झाली आणि बायकोने वरून चहाचं पातेलं आणलं. दुसरं काही हाताशी नव्हतं, म्हणून संध्याकाळी त्याने तेच चित्रण स्पर्धेला पाठवून दिलं.

नकार आला: 'आशय अवास्तव. असे शेजारी असतात कुठे?'

मेहुणा समजूत काढायला आला. कारकुनाने कपाळाला आठ्या घालून फिल्म दाखवली. मेहुणा एकदाही हसला नाही. संपल्यावर म्हणाला, "पुन्हा लावा." मग विचारलं, "भावोजी, एवढे नट कुठून आणलेत?"

"नट कसले, शेजारी आहेत. पिच्छा सोडेनात."

मेहुणा म्हणाला, "मीही शेजाऱ्यांच्या मुलाखती घेणार होतो. दाराबाहेर खुर्ची मांडली, कॅमेरा लावला. कुणी आलंच नाही."

ज्या हेव्याची कारकून वर्षभर वाट बघत होता, तो मेहुण्याच्या तोंडावर अगदी स्पष्ट दिसत होता. पण आता त्यात काही मजा येईना.

"रविवारी आमच्या जिन्यात ये," तो म्हणाला, "आणि ती खुर्ची घेऊन ये. पायरीवर बसून माझी कंबर गेलीये."