नवरा-नवरीच्या मागचं

लग्नाची कॅसेट लावली की बाळारामदादा उठून टीव्हीवरच्या नवरा-नवरीवर तळहात धरायचे. "ह्यांना काय बगायचं? मागचं बगा."

दादा काल्हेर गावचे जुने व्हिडिओवाले. गिऱ्हाइकाला कॉपी द्यायची आणि मूळ कॅसेट आपल्या कपाटात, हा त्यांचा नियम. वहीत नोंद असायची ती मागच्याची: 'सुरेशची हळद, नवा ट्रान्सफॉर्मर.' एक वरमाई कॅसेट घेऊन भांडायला आली होती, "मी दोनदा दिसते आणि म्हैस चारदा?" दादा शांतपणे म्हणाले, "ती म्हैस आता न्हाय."

माझा धंदा माहितीपटांसाठी जुनी दृश्यं शोधण्याचा. म्हणजे गोड बोलून लोकांच्या कपाटातलं काढून आणायचं. आमची फिल्म गोदामांनी गिळलेल्या शेतांवर होती, आणि उभी होती तेव्हा ती शेतं कुणी कशाला शूट करतंय? दादांकडे मात्र एका वरातीमागे ती सापडली. कापलेल्या भाताच्या रचलेल्या उडव्या, पलीकडे खाडी, वरच्या कोपऱ्यात माडीवर कोणी बाई. नेमकी तिथेच कॅसेट घासलेली होती.

"खराब झालीय हो," मी कुरकुरलो.

"झिजलीय जराशी. न्या तुमी, पन परत द्या. कॉपी नको, हीच."

आठ दिवसांत देतो म्हणालो. तेव्हा मी असले वायदे सर्रास करायचो.

फिल्म झाली, ऑफिस हललं आणि त्या हलवाहलवीत कॅसेट हरवली. सहा महिने मी दादांचे फोन टाळले. शेवटी फिल्मची सीडी घेऊन निर्लज्जासारखा गेलो.

सीडी लावली. पडद्यावर ती वरात आली तशी दादा उठले. आज तळहात टीव्हीच्या वरच्या कडेवर गेला.

"वरचं कुठं गेलं?"

मी समजावलं. जुनं चित्र चौकोनी, फिल्म लांबट पडद्याची, म्हणून एडिटरने वरखाली थोडं कापलं. महत्त्वाचं सगळं ठेवलंय, असंही वर म्हणालो.

"माडीवर मंदा होती. माजी बायको. जेवायला हाक मारायला आलेली." दादांनी सीडी मागे नेऊन तिथेच थांबवली. "दुनियेची लग्नं काढली, पन घरच्या मानसावर कॅसेट कोन घालवतो? ती गेली तवा साऱ्या कॅसेटींत शोध शोध शोधली. येवढीच सापडली." मग माझ्या पिशवीकडे बघून म्हणाले, "कॅसेटीत हाय ती. आनलीय ना?"

मी खरं सांगितलं. ते पुन्हा टीव्हीकडे वळले.

थांबलेल्या चित्रात वरच्या कडेला माडीचा कठडा होता आणि कठड्याखाली साडीचा हातभर काठ.

"साडी तिचीच हाय," दादा म्हणाले आणि त्यांनी सीडी पुढे सोडली.

शेवटी नावं आली. संशोधन म्हणून माझं नाव आलं, ठळक अक्षरात. दादांचा हात अजून त्या कडेवरच होता.