चारशेपैकी पंचेचाळीस

साठ हप्ते भरून झाले, तेव्हा घर आता कितपत आपलं झालं हे विचारायला मिस्त्री बँकेत गेला. उत्तर त्याला माहीत होतं. एकूण हप्ते दोनशे चाळीस, भरले साठ, म्हणजे पाव घर आपलं. पण माणसाला आपली चांगली गोष्ट दुसऱ्याच्या तोंडून ऐकावीशी वाटते, आणि मिस्त्रीच्या घरी ऐकवणारं आता कुणी उरलं नव्हतं. बायको जाऊन दीड वर्ष झालं होतं.

कर्जाच्या टेबलावर एक मुलगी बसायची. तिनं खातं उघडलं, आकडे पाहिले आणि पडद्यावरून नजर न काढता म्हणाली, "काका, तुम्ही आजवर पावणेअकरा लाख भरलेत. कर्ज वीस लाखांचं होतं. त्यातलं फिटलंय सव्वादोन."

मिस्त्रीनं तिला परत बघायला सांगितलं. तिनं परत बघितलं. आकडा तोच. मग तिनं समजावून सांगितलं, की सुरुवातीचे हप्ते बहुतेक व्याजातच जातात. पहिल्या हप्त्यातल्या अठरा हजारांपैकी पंधरा हजार व्याज होतं, मुद्दलाला मिळाले तीन. हे हळूहळू पालटत जातं, शेवटी शेवटी वेग येतो. वीस वर्षं पुरी होतील तेव्हा वीस लाखांचे त्रेचाळीस लाख झालेले असतील. म्हणजे घर एक, पैसे दोन घरांचे आणि वर थोडे.

मिस्त्रीचा जन्म फरश्या बसवण्यात गेला होता. त्याला लाख कळत नसत, फरश्या कळत. त्यानं सांगितलं की घरात फूट बाय फुटाच्या चारशे फरश्या आहेत, मीच बसवल्यात, त्यातल्या माझ्या किती ते सांग. मुलीनं कॅल्क्युलेटरवर बोटं चालवली.

"पंचेचाळीस," ती म्हणाली. "आणि यापुढे महिन्याला साधारण एक."

घर घेताना सुरुवातीला भरलेली रोख रक्कम मिस्त्रीनं वाटेतच मनाशी भिंती आणि छपराच्या नावावर टाकली. तेवढं तरी नक्की आपलं. घरी येऊन त्यानं कानामागची पेन्सिल काढली आणि ओट्यापासून सुरुवात करून एकेका फरशीवर बारीक फुली मारत गेला. स्वयंपाकघरात बेचाळीस बसल्या. उरलेल्या तीन त्यानं दाराबाहेर, मोरीच्या दिशेनं टाकल्या. मग कंबर धरून उभा राहिला आणि पुढे पाहिलं. हॉल बँकेचा. झोपायची खोली बँकेची. मोरी आणि संडास तर बँकेचेच, आणि मधे सात फरश्या परक्या.

पहिल्या दिवशी तो त्या सात फरश्या नेहमीसारखा चालून गेला. परत येताना मात्र पाय अडखळले. तळव्यांना त्या फरश्या गार लागल्या, उन्हाळ्यात लागू नयेत इतक्या. त्यानं उगीच पाय उचलून पाहिला, मग फुलीच्या फरशीवर ठेवला. तिथं कोमट होतं. हात लावून पाहिलं. एकाच खोक्यातल्या, एकाच दिवशी, एकाच सिमेंटवर बसवलेल्या फरश्या होत्या.

दुसऱ्या दिवसापासून तो परक्या फरश्यांवर पाय ठेवण्याआधी खाकरायला लागला. कुणाच्या घरात शिरताना खाकरतात तसं. आठवड्याभरात त्यानं अंथरूण स्वयंपाकघरात आणलं. झोपायच्या खोलीत नाही तरी दीड वर्षात त्याला नीट झोप लागली नव्हती. खिडकीशेजारी बायकोचा पलंग होता, तिथंच ती गेली. जाण्याआधी तिनं एकच गोष्ट बजावली होती. इस्पितळाच्या धुलाईघरात चोवीस वर्षं चादरी धुऊन तिचा तीन लाखांचा फंड जमला होता, तो सरळ कर्जात भर. मिस्त्रीनं मान हलवली होती आणि भरला नव्हता. ते पैसे तिच्या नावानं पडून होते, तोवर तिच्या नावाचं काहीतरी चालू होतं.

मोठी बहीण राहायला आली, तेव्हा भाऊ ओट्याखाली पाय दुमडून झोपलेला दिसला. ताईनं सगळं ऐकून घेतलं आणि पोट धरून हसली. म्हणाली, "वेड लागायचं तेवढं बाकी होतं, तेही लागलं. वीक हे घर आणि चल माझ्याकडे." मग तिनं बादली घेतली, ओल्या फडक्यानं सगळं घर पुसलं आणि एकूण एक फुली घालवली. आता काय आपलं आणि काय बँकेचं ते शोधत बस, असंही वर ऐकवलं.

शोधायची गरज नव्हती. मिस्त्रीला प्रत्येक फरशी तोंडपाठ होती. ताईचं मात्र तिसऱ्या दिवशी बिनसलं. ती हॉलमध्ये खुर्चीवर बसून भाजी निवडत होती. उठून पाणी प्यायला गेली आणि आली, तर खुर्ची फिरून खिडकीकडे तोंड करून होती. त्या दुपारी मोरीकडे जाताना ती खाकरली. संध्याकाळी दोनदा खाकरली. चौथ्या दिवशी तिला घरची कामं आठवली.

त्यातच मोरीतला नळ गळायला लागला. एरवी मिस्त्रीनं पाच मिनिटांत आवळला असता. पण पाना हातात घेतला आणि विचार आला, नळ कुणाचा? मोरीतली एकही फरशी आपली नाही. भाडेकरू कधी मालकाचा नळ दुरुस्त करतो का? त्यानं पाना ठेवला, कागद घेतला आणि बँकेला अर्ज लिहिला, की आपल्या हद्दीतला नळ गळत आहे तरी योग्य ती व्यवस्था व्हावी. बँकेत कुणीतरी हसेल आणि आपल्यालाही जरा बरं वाटेल, असं त्याच्या मनात होतं.

कुणी हसलं नाही. आठ दिवसांनी उत्तर आलं की अर्जाची नोंद घेतली आहे, पाहणीसाठी माणूस येईल.

माणूस भर दुपारी आला. करडा शर्ट, काखेत वही, चपलांचा आवाज नाही. दार उघडताच नमस्कार करून आत आला आणि सरळ मोरीकडे निघाला. मिस्त्री त्याच्या पायांकडे बघत राहिला. दुसऱ्यांचे पाय बघण्यातच त्याचं आयुष्य गेलं होतं. स्वयंपाकघराच्या दाराबाहेरच्या त्या तीन फरश्या आल्या, तसा हा माणूस भिंतीला अंग घासून, वळसा घालून पलीकडे गेला. फुल्या पुसून पंधरा दिवस झाले होते.

मिस्त्री दारात तसाच उभा राहिला. मोरीतून पान्याचा आवाज आला, नळ थांबला, आणि माणूस हात पुसत बाहेर आला. वहीत काहीतरी लिहिलं.

मिस्त्रीनं चहाचं विचारलं. "या ना आत."

"तिकडे नाही येता येणार," माणूस म्हणाला. "ती तुमची हद्द."

"अहो, चहाला काय हद्द?"

"नियम आहे. फार तर इथवर." आणि त्यानं एक पाऊल पुढे टाकून तीन फरश्यांच्या डाव्या बाजूच्या चौथ्या फरशीवर एकच पाय टेकवला. "ही या महिन्याची. अजून अर्धीच तुमची झालीय. एक पाय चालतो."

सेहेचाळिसावी फरशी कोणती घ्यायची हे मिस्त्रीनं आदल्या दिवशी मनात ठरवलं होतं. कुणाला सांगितलं नव्हतं. सांगायला होतं कोण?

माणसानं एका पायावर उभं राहून चहा घेतला, कप ओट्यावर ठेवता येईना म्हणून मिस्त्रीच्या हातात दिला आणि वहीतून एक पत्र काढलं. व्याजाचा दर वाढला होता. हप्ता तेवढाच राहील, घाबरू नका. फक्त मुदत सदतीस महिन्यांनी वाढली आहे. मिस्त्रीनं विचारलं, म्हणजे आता महिन्याला एक फरशी नाही? माणूस म्हणाला, अर्धीच्या थोडी वर. अजून दोनशे सतरा हप्ते राहिले.

"मी बहात्तर वर्षांचा होईन," मिस्त्री म्हणाला.

"होय, तसं धरलेलं आहे." माणसानं पान उलटलं. "आता एक नोंद राहिली. झोपायच्या खोलीत कोण राहतं?"

"कुणी नाही. मी इकडे झोपतो."

"मग खिडकीशी बाई बसलेल्या असतात, त्या कोण?"

हातातला कप मिस्त्रीनं हळूच खाली ठेवला. खोलीचं दार लोटलेलं होतं. माणूस त्या बाजूला गेलाच नव्हता.

"कशा आहेत?" मिस्त्रीनं विचारलं.

"कशा म्हणजे? बाई आहेत. पदराला हात पुसत असतात, सारख्या. हात ओले असल्यासारख्या." त्यानं पेन उघडलं. "त्यांची काही हरकत नाही. आमच्या हद्दीत आहेत, एवढंच नोंदवायचं असतं."

तो गेल्यावर मिस्त्री खोलीच्या दाराशी गेला. पलंग होता, खिडकी होती, ऊन होतं. बाकी काही दिसत नव्हतं. तो बराच वेळ बँकेच्या फरशीवर उभा होता, आणि त्याला एकच गोष्ट सलत होती. सव्वीस वर्षांचा संसार, आणि ही बसलीय बँकेकडे.

दुसऱ्या दिवशी तो फंडाचे कागद घेऊन कर्जाच्या टेबलावर हजर झाला. तीन लाख भरायचेत म्हणाला, व्याजात नाही, थेट मुद्दलात. मुलीनं आकडे घातले आणि पहिल्यांदाच पडद्यावरून नजर काढून त्याच्याकडे पाहिलं.

"काका, दोनशे सतरा हप्त्यांचे एकशे एक्केचाळीस झाले. शहात्तर हप्ते गेले. म्हणजे तीन लाख भरून तुम्ही साडेतेरा लाखांच्या वर वाचवलेत."

मिस्त्रीनं विचारलं, की हे आधी कुणी का सांगितलं नाही. ती म्हणाली, कुणी विचारत नाही. लोक हप्ता किती ते विचारतात, एकूण किती ते विचारत नाहीत. मग मिस्त्रीनं पोटातला प्रश्न काढला, की बँकेत करड्या शर्टाचा, वहीवाला, असा कुणी माणूस आहे का. तो आपला वेडेपणा कबूल करायच्या तयारीनं आला होता.

मुलीनं आजूबाजूला पाहिलं आणि आवाज खाली आणला.

"तुमच्याकडे त्यानं चहा तरी घेतला, वहीत नोंद आहे. आमच्याकडे आला की आम्हीच दाराबाहेर उभे राहतो. दोन वर्षं झाली कर्जाला, अजून पायपुसणं ठेवण्यापुरतीच जागा आमची झालीय." मग तिनं पावती ओढली. "साठ फरश्या होतात. कुठल्या लिहू?"

"खिडकीकडच्या," मिस्त्री म्हणाला. तिनं लिहिल्या.

घरी येऊन त्यानं पलंगाखालची जागा स्वतः पुसून काढली. साठ फरश्या हाताच्या पंजानं मोजल्या. अंथरूण परत आणलं आणि खिडकीशी बसला. दुपारी बसला, दुसऱ्या दुपारी बसला. ऊन यायचं, सरकायचं, जायचं. आता ती आपल्या हद्दीत आहे, एवढं त्याला पुरत होतं. एकदा त्यानं तिला व्याजाचा दर वाढल्याचं सांगितलं. एकदा ताई कशी खाकरत पळाली ते सांगितलं. मधेच वाटायचं, खोली जरा जास्तच रिकामी आहे. मग तो स्वतःला रागवायचा.

महिन्यानं माणूस पुन्हा आला. नवी हद्द पाहायची होती. हॉलमधून चालत तो झोपायच्या खोलीच्या दाराशी थांबला, खिडकीकडच्या भागावर लांबूनच नजर फिरवली आणि वहीत बरोबरची खूण केली. मिस्त्री अंथरुणावर बसून त्याच्याकडे बघत होता. छाती पुढे काढून, म्हटलं तरी चालेल.

"बाईंची नोंद बदलायची आहे," माणूस म्हणाला.

"बदला. आता माझ्याकडे आहे ती."

"नाही." त्यानं पेनानं हॉलच्या दिशेला दाखवलं. "पैसे भरले त्याच दिवशी त्या हॉलमध्ये आल्या. बाहेरच्या दाराजवळ बसतात. आमच्याच हद्दीत आहेत."

मिस्त्रीला काही कळेना. साठ फरश्या तिच्यासाठी सोडवल्या, तिच्याच पैशांनी सोडवल्या, आणि ही उठून पुन्हा तिकडे? त्यानं विचारलं, मी हॉल सोडवला तर? माणूस म्हणाला, मग मोरीत जातील. अशी एक-दोन घरं त्याच्या पाहण्यात होती. जिथं बाकी आहे तिथंच बसतात. फिटेपर्यंत.

"काही बोलते का?"

माणसानं जरा आढेवेढे घेतले. निरोप घेणं त्यांच्या कामात बसत नव्हतं. मग वही मिटून म्हणाला, "फंड भरायला दीड वर्ष का लावलं, असं विचारत होत्या. दीड वर्षाचं व्याज किती गेलं त्याचा आकडाही सांगितला. बरोबर आहे, मी ताडून पाहिला."

मिस्त्रीच्या तोंडून एक आवाज निघाला. तो हसण्याचा आहे हे त्याला स्वतःलाही जरा उशिरा कळलं. माणूस आपल्या फरश्यांवरून चालत बाहेर गेला. दारापाशी एका जागी त्यानं पाऊल जरा बाजूला टाकलं, वाटेत कुणी बसलं असावं तसं, आणि दार ओढून घेतलं.

मिस्त्री खिडकीशी थोडा वेळ बसून राहिला. मग उठला. स्वतःच्या साठ फरश्या ओलांडून हॉलमध्ये आला, खाकरला नाही, बाहेरच्या दाराजवळ गेला आणि गुडघ्यावर हात टेकून हळूहळू बँकेच्या फरशीवर बसला.

"जरा सरक," तो म्हणाला.