चिडल्याशिवाय फोटो नाही

आमचे घरमालक बाळूतात्या फोटो काढताना समोरच्याला हसायला सांगत नाहीत. ते त्याचा अपमान करतात.

मी मूळची परभणीची. हिंजवडीत नोकरी लागली म्हणून जवळच्याच नांदे गावात तात्यांच्या वरच्या मजल्यावर भाड्याने राहायला आले. पहिल्याच आठवड्यात ऑफिसच्या ओळखपत्रासाठी फोटो हवा होता आणि खाली तात्यांचाच स्टुडिओ. मी केस नीट केले, ओढणी सारखी केली आणि स्टुलावर शहाण्यासारखी बसले. तात्यांनी कॅमेऱ्याला डोळा लावला आणि अगदी थंडपणे विचारलं, "ताई, तुमच्या परभणीकडं जिना झाडायची पद्धत न्हाई का वो?"

"काय म्हणालात?" म्हणून मी मान वर केली आणि फ्लॅश पडला.

तो फोटो आजही माझ्या गळ्यात लटकतो. गेटवरचा रखवालदार ओळखपत्र बघतो आणि मुकाट्याने बाजूला होतो. आईला पाठवला तर ती म्हणाली, "अगदी तू आलीस बघ यात!" आईच्या या बोलण्याचा मला फोटोपेक्षा जास्त राग आला.

तात्यांचं शास्त्र असं. "हसताना समदी सारखीच दिसत्यात. चिडल्यावर जो तो आपल्यासारखा दिसतो." त्यामुळे गावात कुणाची नस कुठे दुखते याचा त्यांनी पक्का अभ्यास केला आहे. कुणाला म्हणतात, तुझ्या बैलापेक्षा माझी स्कूटर बरी पळती. कुणाला म्हणतात, तुझ्या हातचं कालवण म्हंजे निस्तं तिखटाचं पाणी. समोरचा उसळला की यांचं काम झालं. नवरा-नवरींच्या बाबतीत मात्र ते काही बोलत नाहीत. "त्यांचं त्यांनी पुढं बघून घ्यावं," म्हणतात.

मोबाईलचा त्यांना मनस्वी तिटकारा. घोटावड्याच्या एका लग्नात पोरापोरींनी मोबाईल असे उंच धरले की तात्यांना अंतरपाटच दिसेना. तात्या खुर्चीवर चढले आणि भर मंगलाष्टकांत ओरडले, "हात खाली! लग्न लागतंय, बस थांबवायची न्हाई!" भटजीसुद्धा क्षणभर थांबले. मोबाईलमधले फोटो म्हणजे फोटो नव्हेत, ती गर्दी आहे, असं त्यांचं ठाम मत आहे.

पण लग्नसराई हा त्यांचा पोटापाण्याचा भाग झाला. जिवाचा भाग वेगळाच. त्यासाठी सगळं गाव त्यांना टरकून असतं.

त्याचं असं आहे. आपल्याकडे म्हातारं माणूस गेलं की दहाव्याच्या आत हाराचा फोटो लागतो. मग घरात शोधाशोध सुरू होते आणि कुठल्या तरी लग्नाच्या घोळक्यातून म्हाताऱ्याचं तोंड कापून काढतात. शेजारणीचं कोपर तसंच राहतं. गावातल्या एका अण्णांनी जन्मात बंडीशिवाय काही घातलं नाही. शहरातल्या दुकानदाराने त्यांना कॉम्प्युटरवर कोट-टाय चढवला. तात्या अजून म्हणतात, "अण्णा मेल्यावर म्यानेजर झाला!"

म्हणून तात्यांनी चंगच बांधला. गावातल्या एकाही म्हाताऱ्या माणसावर कापलेल्या फोटोत बसायची वेळ येऊ द्यायची नाही. फुकट काढतात, फ्रेमही स्वतःच करून देतात. त्यांची स्कूटर गल्लीत शिरली की पारावरची मंडळी एकदम कामाची होतात. कुणाला धारेची आठवण येते, कुणाला दवाखान्याची. एका जुन्या पैलवानाने तर दार लावून आतून सांगितलं, "माझा नंबर इतक्यात न्हाई, जा!"

तात्या बाहेरून म्हणाले, "व्हय, कुस्तीतबी असाच आत पळायचास."

दार उघडलं. फोटो निघाला. पैलवान त्यात जे काही दिसतात, त्यापुढे यमानेही चार पावलं मागेच उभं राहावं.

असे या माणसाने जवळजवळ सगळे पुरे केले. राहिलं होतं ते एकच माणूस, तेही त्यांच्याच अंगणापलीकडचं.

पारूकाकू म्हणजे तात्यांच्या थोरल्या भावाची बायको. तात्या चड्डीत होते तेव्हा त्या या घरात आल्या. सासू लवकर गेली, म्हणून दिराला त्यांनीच न्हाऊमाखू घालून वाढवलं. अंगण एक, नळ एक, पण मी आल्यापासून त्या तात्यांशी एक शब्दही बोललेल्या मी ऐकल्या नव्हत्या. मला वाटलं, नांद्यात आहोत, इथे गुंठ्याला सोन्याचा भाव, जमिनीचंच काही असणार. कारण ऐकलं ते काकूंच्या सुनेकडून.

काकूंच्या घरात दादांचा, म्हणजे त्यांच्या नवऱ्याचा, हाराचा फोटो आहे. मी तो अनेकदा पाहिला होता, नीट बघितला नव्हता. दादांच्या कानाशी कुणाचा तरी निळा खांदा आहे आणि नजर भलतीकडेच, बहुधा पंगतीकडे. सगळ्या तालुक्याची लग्नं टिपणाऱ्या माणसाकडे सख्ख्या भावाचा एक धड फोटो निघाला नव्हता! दादांचं दहावं झालं त्या दिवसापासून काकू तात्यांशी बोलल्या नाहीत.

या हिवाळ्यात काकू बऱ्याच आजारी झाल्या. दवाखान्यातून घरी आल्या त्या निम्म्या होऊन. दुसऱ्या दिवशी सकाळी ओट्यावर ऊन आलं, काकू तांदूळ निवडायला बसल्या, तर अंगणात स्टँड लावून तात्या हजर.

"ताई, बघा," माझ्याकडे बघून मोठ्याने म्हणाले, "कासारसाईच्या बायकांना तांदूळ निवडायला अजून येत न्हाई."

कासारसाई काकूंचं माहेर. काकूंनी सूप उचललं आणि तात्यांकडे पाठ करून बसल्या.

मग रोज हेच. रोज नवा अपमान, रोज तीच पाठ. मी एकदा वैतागून म्हटलं, "तात्या, पाठीचे फोटो कशाला काढताय?" तर म्हणाले, "पाठबी तिचीच हाय न्हवं."

त्या रविवारी मी जिन्यावर चहा घेऊन बसले होते. तात्या स्टँडमागे उभे होते. चेहरा असा, की दगडावर डोकं आपटायचं ठरवूनच आलेत. मग एकदम म्हणाले, "दादालाच हौस न्हवती फोटोची. म्हनून न्हाई निघाला."

काकू वळल्या.

"खोटं बोलू नगंस बाळू! हौस न्हवती? नवा सदरा घालून तुज्या दुकानाच्या पायरीव बसून ऱ्हायचा तो मानूस! तू म्हनायचास, गिऱ्हाईक हाय, उद्या काढतो. उद्या, उद्या! घडी मोडंल म्हनून टेकून बसायचा न्हाई. पेटीत हाय अजून तो सदरा, दावू का?"

काकूंना धाप लागली होती, डोळे पेटले होते. असा चेहरा तात्यांना दहा जन्मांत मिळाला नसता. बोट बटणावर होतं. मी ओरडले, "तात्या, दाबा की!"

"गप बसा वो ताई," ते म्हणाले. "बोलू द्या तिला."

काकू बोलतच राहिल्या. दादांचं झालं, दुकानाचं झालं, मग गाडी तात्यांच्या मधुमेहाच्या चुकलेल्या गोळ्यांवर आली, सकाळपासून उपाशी उन्हात उभं राहण्यावर आली, सुकलेल्या तोंडावर आली. एवढ्या वर्षांचं सगळं साठलेलं त्यांनी त्या ओट्यावर रिकामं केलं. तात्या खाली मान घालून ऐकत होते. शाळेतून मार खाऊन आलेलं पोर घरी पुन्हा बोलणी खातं, तसे.

शेवटी काकू दमल्या. पदराने तोंड पुसलं, डोक्यावरचा पदर सारखा केला आणि कॅमेऱ्याकडे तोंड करून ताठ बसल्या.

"काढ आता. का मलाबी उद्याच म्हननार हायेस?"

तात्यांनी कॅमेऱ्याला डोळा लावला. या वेळी अपमान केला नाही. बटण दाबल्याचा आवाज मला जिन्यापर्यंत आला.

पण तात्यांचं डोकं काही कॅमेऱ्याआडून वर येईना. काकूंनी थोडी वाट पाहिली. मग हळूच विचारलं, "निघाला न्हवं रं?"

"निघाला, वैनी," तात्या कॅमेऱ्याआडूनच म्हणाले, आणि तसेच डोळा लावून उभे राहिले.