सिंहाची बिनकिनारीची शाल

एका जंगलात, बाळांनो, उजेडाचे कपडे शिवणारी एक साळिंदरीण राहायची. तिचं नाव सगुणाबाई. मागे कोण रे हसलं? उजेडाचे कपडे नसतात म्हणतोस? तू पाहिलंयस सगळं जंगल? मग गप्प बस आणि ऐक.

सगुणाबाई सकाळी ओढ्यावर जायची. कोवळं ऊन खळखळून धुवायची, पिळायची आणि एका मोठ्या कातळावर वाळत घालायची. मग पाठीवरचा एक काटा उपटायची, की झाली सुई तयार! काजव्यांच्या बंड्या, अंधाराला भिणाऱ्या घुबडाच्या पोरांची टोपडी, सगळं तीच शिवायची.

आणि प्रत्येक कपड्याला शेवटी सावलीची किनार लावायची. तो त्या धंद्यातला रिवाजच होता. किनार नसली की उजेडाला कुठे थांबायचं ते कळत नाही. तो वाट फुटेल तिकडे जातो.

सगळं सुरळीत चाललं होतं. पण एके दिवशी सिंहमहाराज त्या कातळावर येऊन आडवे झाले. जागा उबदार होती. महाराज उठेचनात. रोज येऊन तिथेच घोरू लागले.

इकडे ओल्या उन्हाच्या घड्यांना कुबट वास यायला लागला. "मेल्याला दुसरा दगड मिळाला नाही का!" सगुणाबाई म्हणाली. अर्थात मनातल्या मनात. कातळ गेला म्हणजे धंदा गेला, आणि धंदा गेला तर खायचं काय?

तेवढ्यात सत्कार समितीचे अध्यक्ष हुप्पेराव वानर आले.

"सगुणाबाई, महाराजांचा सत्कार आहे."

"अहो, मागच्याच आठवड्यात झाला ना?"

"तो पार पडल्याबद्दलच हा सत्कार. उजेडाची शाल हवी."

"शिवते. पण माझा कातळ मला परत पाहिजे."

"देऊ की! त्यात काय!"

सगुणाबाईने बाभळीवर टांगून कसंबसं ऊन वाळवलं आणि शाल शिवली. हुप्पेराव पाहायला आले आणि एकदम किंचाळले.

"ही कडेला काळी काळी काय?"

"सावलीची किनार."

"महाराजांच्या शालीला काळी किनार? लोक काय म्हणतील? काढा आधी!"

"अहो, उजेड मोकाट सुटेल!"

"सुटू दे. महाराजांचा उजेड जितका लांब जाईल तितका बरा."

सगुणाबाईच्या जिभेवर पुष्कळ काही आलं होतं. पण तिला कातळ आठवला. तिने मुकाट्याने किनार उसवली.

सत्कार कातळावरच झाला, कारण महाराजांना उठायचा कंटाळा होता. हुप्पेरावांनी महाराजांच्या अंगावर शाल घातली. उजेड आधी आयाळीवर पडला. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मग महाराजांनी जांभई दिली आणि उजेड तोंडातून सरळ पोटात उतरला. पोट कंदिलासारखं लख्ख झालं.

पोटात एक गुलाबी फेटा होता.

"अगं बाई! हा तर ह्यांचा फेटा!" पहिल्या रांगेतल्या सांबरीणबाई ओरडल्या. "मी माझ्या हाताने बांधला होता!" आणि त्या धाय मोकलून रडायला लागल्या. त्यांचे यजमान सांबरराव हे समितीचे आधीचे अध्यक्ष. ते तीर्थयात्रेला गेल्याचं समितीने कळवलं होतं.

आता तुम्हाला वाटेल, सगळे प्राणी चवताळून उठले. तुम्ही अजून लहान आहात, बाळांनो.

उजेड तोवर पुढे गेला होता. तो हुप्पेरावांच्या पोटात शिरला. तिथे पाहुण्यांसाठी आणलेला केळ्यांचा अख्खा घड निघाला. मासे सोडल्याचं सांगत फिरणाऱ्या बगळ्याच्या पोटात दोन मासे वळवळत होते. मग काय! जो तो आपापलं पोट झाकत पळायला लागला. हरणसुद्धा! हरणाने काय खाल्लं होतं देव जाणे.

"सगुणाबाई!" महाराज दोन्ही पंजांनी पोट धरून गरजले. "किनार लावा! आत्ताच्या आत्ता!"

सगुणाबाईने सुई हातात घेतली. पण तिला कातळ हवा होता.

"लावते महाराज. पण सावली कापायची तर ऊन लागतं. आणि ऊन तर तुमच्या बुडाखाली आहे."

महाराज टुणकन उठले आणि गुहेत पळाले. जाताना शाल तिच्या अंगावर फेकून गेले. सगुणाबाईने किनार लावली आणि उजेड निमूटपणे शालीत परतला. गुहेतलं पोट काळोखात गेलं.

"पाहिलंत? फेटा नव्हताच," हुप्पेराव म्हणाले. परत जमलेल्या सगळ्यांनी नंदीबैलासारख्या माना डोलावल्या.

दुसऱ्या दिवशी कातळावर ही गर्दी! पण बंडी कोणाला नको, टोपडं कोणाला नको. प्रत्येकाला पोटाभोवती बांधायला सावलीचा पट्टा हवा होता.

"अहो, मी उजेडाची कारागीर!" सगुणाबाई चिडून म्हणाली. दुपारपर्यंत तिचा राग गेला. संध्याकाळी तिला काटे पुरेनात.

सगळ्यात शेवटी सांबरीणबाई आल्या. रडून रडून डोळे सुजलेले. सगुणाबाईला अगदी मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"बाई, माझ्या शालीमुळे तुम्हाला ते बघावं लागलं."

"ते जाऊ द्या हो," सांबरीणबाई नाक पुसत हळूच म्हणाल्या. "मलाही एक पट्टा द्या. जरा रुंदच द्या. शेजारणीने जपून ठेवलेला कोवळा पाला मीच खाल्लाय, आणि उद्या ती समाचाराला यायची आहे."

तात्पर्य : सत्याचा उजेड अधूनमधून अवश्य पाडावा. त्याशिवाय सावलीला गिऱ्हाईक मिळत नाही.