पेडणेकरांचा पगार एकटा निघतो

आमच्या इमारतीतून कोणीही बाहेर पडलं की मुक्कामी पोचल्याचं पेडणेकरांना कळवावं लागतं. सोसायटीचा असा काही नियम नाही. पण तुम्ही कळवलं नाहीत तर त्यांचा फोन येतो आणि ते एवढंच विचारतात, "पोचलात ना?" तुम्ही "हो" म्हणालात की "बरं झालं, जेवून घ्या" म्हणून फोन ठेवतात. सकाळचे सात असोत की दुपारचे चार, जेवून घ्यायचंच. मी भाजी घेऊन खालून दोन जिने चढून वर आले तरी किल्ली कुलपात फिरते न फिरते तोच फोन वाजतो. म्हणतात, पायरी ओली होती म्हणून विचारलं.

ईशान, रेवा, तुम्हाला ते आठवत असतील. तळमजल्यावर जिन्याशेजारचं दार. पांढरा बुशशर्ट, खिशाला दोन पेनं. मागच्या खेपेला तुम्ही विमानतळाकडे निघालात तेव्हा गाडीच्या खिडकीतून डोकं आत घालून ड्रायव्हरला "सावकाश ने रे" म्हणाले होते, तेच. तुमचं विमान अजून अरबी समुद्रावर असेल, तोवर त्यांचा फोन.

"काकू, मुलं पोचली?"

"अहो पेडणेकर, त्यांना अजून अख्खा दिवस लागेल."

"हो का. मग मी थोड्या वेळाने करतो."

आणि थोड्या थोड्या वेळाने ते करत राहिले.

तुमचे आजोबा त्यांची फार थट्टा करतात. आंघोळीला निघाले की मला सांगतात, "पेडणेकरांना कळव, मी न्हाणीघरात सुखरूप पोचलो."

या सवयीपायी एकदा तिसऱ्या मजल्यावरचा अमेय चांगलाच अडचणीत आला होता. ऑफिसला म्हणून निघाला आणि एका मैत्रिणीबरोबर जुहूला जाऊन बसला. फोन बंद. पेडणेकरांनी त्याच्या आईला विचारलं, "अमेय पोचला का?" आईने ऑफिसात विचारलं. ऑफिसने आईलाच विचारलं, "त्याला ताप आहे ना?" संध्याकाळी अमेय तळमजल्यावर येऊन म्हणाला, "काका, तुम्ही माझी वाट लावलीत यार." पेडणेकर म्हणाले, "ते राहू दे. जुहूला नीट पोचला होतास ना?"

पुढे त्याच मुलीशी त्याचं लग्न झालं. वरात हॉलवर पोचल्याचं त्याने आधी पेडणेकरांना कळवलं, असं लिहायला मला आवडलं असतं. पण पेडणेकर वरातीच्या पुढेच चालत होते.

ते मूळचे मालवणकडचे. वडील गिरणीत होते, ते लवकर गेले. दोन धाकट्या बहिणींना पेडणेकरांनीच वाढवलं, शिकवलं, त्यांची लग्नं करून दिली, आणि त्या गडबडीत स्वतःचं लग्न करायचं राहून गेलं. आता एक बहीण बदलापूरला असते, दुसरी विरारला. सणावाराला येतात, भावाच्या हातचं तिरफळ घातलेलं बांगड्याचं तिखलं जेवतात आणि जातात. त्या गेल्या की काही वेळाने जिन्यात पेडणेकरांचा आवाज येतो, "पोचलंस मां गो?" पलीकडून उचलेपर्यंत दोन-तीनदा फोन लावावा लागतो, हेही जिन्यात ऐकू येतं.

भांडुपला रंगाचे ब्रश बनवणारा एक छोटा कारखाना आहे, तिथलं स्टोअर पेडणेकर सांभाळतात. अगदी परवापरवापर्यंत तिथे पगार खाकी पाकिटात मिळायचा. ते पाकीट आतल्या खिशात घालून, वरून हात ठेवून, पेडणेकर रिक्षाने मुलुंडला येत आणि घरी न जाता आधी आमच्या बाजारातल्या पतपेढीत शिरत. पतपेढी म्हणजे तुमच्याकडे जिला क्रेडिट युनियन म्हणतात तीच. सभासदांनी सभासदांसाठी चालवलेली. आमची दोन खोल्यांची आहे, एक बाकडं, एक काउंटर, आणि काउंटरमागे सावंत मॅडम.

मग कारखान्याचा कारभार मालकांच्या मुलाकडे आला. एका संध्याकाळी पेडणेकर माझ्या दारात उभे. चेहरा असा की मी आधी पाणीच आणलं.

"काकू, पुढच्या महिन्यापासून पगार देणार नाहीत."

"देणार नाहीत म्हणजे?"

"देणार. पण हातात नाही. तो परस्पर येणार, कारखान्यातून खात्यात." ते पाणी प्यायले. "एकटा."

मी आयुष्यभर शाळेत इंग्रजी शिकवलं, त्यामुळे इंग्रजी कागद हातात पडला की इमारतीतली माणसं माझ्याकडे येतात. मी कारखान्याचा कागद वाचला आणि त्यांना समजावलं की हल्ली सगळ्या जगाचा पगार असाच येतो, टोरांटोला माझ्या लेकीचासुद्धा.

"आणि पोचल्याचं तिला कोण कळवतं?"

मी कागदाची घडी घालून त्यांना परत दिली.

कारखान्याने एका मोठ्या बँकेत खातं उघडून देऊ म्हटलं होतं. पेडणेकर ती बँक बघून आले होते. "काचेचं दार, आत नुसता गारठा. मी विचारलं, पगार आला की सांगणार कोण? तर तो पोरगा म्हणतो, अंकल, ॲपमध्ये बघा. विचारायला माणूसच नाही हो काकू तिथे. मला आपली पतपेढी पाहिजे. तिथे सावंत मॅडम तोंडाने सांगतात, आला म्हणून."

त्यांचं मागणं एवढंच होतं. पगार निघाला की तो पोचल्याचं कोणीतरी सांगायला हवं. दुसऱ्या दिवशी मी त्यांच्याबरोबर पतपेढीत गेले.

सावंत मॅडम म्हणाल्या, "होईल की. पण पगार थेट आमच्याकडे नाही येत. पतपेढीचं एका बँकेत खातं आहे. आधी तिथे जाईल, मग तिथून तुमच्या सभासद क्रमांकावर."

"म्हणजे मध्ये उतरणार."

"उतरणार."

"आणि दुसरी गाडी धरणार."

"तसंच समजा."

"रात्रीचा?"

"सकाळी, पेडणेकर. आम्ही उघडल्यावर."

"त्या मधल्या बँकेत त्याला ओळखणारं कोणी आहे?"

सावंत मॅडमनी एकदा माझ्याकडे पाहिलं. मग अगदी गंभीरपणे म्हणाल्या, "सभासद क्रमांक असतो ना त्याच्या गळ्यात. हरवला तरी आणून सोडतात." आणि पुढे म्हणाल्या, "मोबाइल नंबर द्या. पगाराच्या दिवसापर्यंत सुरू होईल. पैसे जमा झाले की मेसेज येईल."

"पोचल्यावर कळवतो म्हणणारे खूप बघितले, मॅडम," पेडणेकर म्हणाले. पण नंबर दिला.

मी सुवाच्य अक्षरात अर्ज भरला, पतपेढीचा शिक्का घेतला, आणि पेडणेकरांनी तो कारखान्यात नेऊन दिला. दोन दिवसांनी, ते आमच्याकडे चहाला बसले असताना, तिथल्या हिशेबाचं काम बघणाऱ्या प्रियांकाचा फोन आला. त्यांनी तो सगळ्यांना ऐकू येईल असा लावला.

"काका, पतपेढीचं खातं मी सिस्टीममध्ये पहिल्यांदाच टाकतेय. आधी एक रुपया पाठवून बघते. उद्यापर्यंत पोचला तर पगार तिथेच. नाही पोचला तर मला तुम्हाला मोठ्या बँकेत टाकावं लागेल ना, माझा नाइलाज आहे."

"कधी पाठवताय?"

"आत्ता पाठवला पण."

"आत्ता?" पेडणेकर उभे राहिले. "आधी सांगायचं तरी, पोरी."

चहा तसाच टाकून ते पतपेढीत गेले. रुपया आला नव्हता. बंद व्हायच्या वेळी पुन्हा गेले. तरी आला नव्हता. परत येऊन आमच्या सोफ्याच्या अगदी कडेवर बसले.

"मधल्या बँकेत राहिला असणार," ते म्हणाले.

आजोबा म्हणाले, "अहो, एक रुपया तो. त्याला कोण पळवणार?"

"लहान आहे म्हणूनच तर काळजी."



सकाळी पतपेढीचं शटर अर्धं वर झालं तेव्हा पेडणेकर बाहेर उभे होते. सावंत मॅडमनी त्यांना थांबायला लावलं, मधल्या बँकेची रात्रीची यादी खात्यांवर चढवली आणि आतूनच हाक मारली, "आला हो तुमचा रुपया. दमलाय, पण आला."

पेडणेकरांनी तिथूनच प्रियांकाला फोन केला. "पोचला," म्हणाले. येताना पाव किलो पेढे आणले आणि सगळ्या इमारतीत वाटले. पेढे कशाचे, हे दर मजल्यावर निराळं समजावून सांगावं लागलं.

मग पगाराचा दिवस आला. पेडणेकरांनी अर्ध्या दिवसाची रजा टाकली. "तू बरोबर जा," आजोबा मला म्हणाले, "नाहीतर हा माणूस मधल्या बँकेत जाऊन गोंधळ घालेल." म्हणून मी गेले. आम्ही दोघं बाकड्यावर बसलो. पेडणेकरांनी धुतलेला शर्ट घातला होता.

"पेडणेकर," सावंत मॅडम म्हणाल्या, "नाव लिहिलेली पाटी धरून दारात उभे राहा. म्हणजे तुमची चुकामूक नाही व्हायची."

पेडणेकर हसले. पण हसताना त्यांचं लक्ष दाराकडेच होतं. मध्येच एक गृहस्थ आत आले, तर हे अर्धवट उठलेसुद्धा.

थोड्या वेळाने त्यांच्या खिशात फोन थरथरला. चष्मा घरी राहिला होता, म्हणून त्यांनी तो माझ्याकडे दिला. मी वाचून दाखवलं. प्रिय सभासद, आपला पगार आपल्या खात्यात जमा झाला आहे.

"आत्ताच टाकला," काउंटरमागून सावंत मॅडम म्हणाल्या.

 पेडणेकरांनी फोन परत घेतला, लांब धरला, जवळ धरला.

"मी विचारलं नव्हतं," ते म्हणाले.

"नाही."

"विचारणार होतो. पुढचं गिऱ्हाईक गेलं की मॅडमना विचारणार होतो. त्याच्या आधीच कळवल्यान बघा."

माझ्या ओठांवर एक विनोद आला होता, तो मी गिळला. पेडणेकर एका बोटाने काहीतरी टाइप करत होते. मी वाकून पाहिलं. त्यांनी लिहिलं होतं, "बरे झाले. जेवून घ्या."

"अहो, ते यंत्र आहे. त्याला उत्तर जात नाही."

"नाही गेलं तर नाही गेलं. एवढं आठवणीने कळवल्यान, आपण गप्प बसणं बरं दिसत नाही."

घरी येताना त्यांनी कोपऱ्यावर शहाळी घेतली, दोन आमच्यासाठी. वाटेत, शहाळी आता महाग झाली हे सांगता सांगता, त्याच सुरात म्हणाले, "काकू, माझ्या फोनमध्ये पोचल्याचा आपणहून आलेला हा पहिलाच निरोप. बाकीचे सगळे मी विचारल्यावर आलेले." आणि पुन्हा शहाळ्यांच्या भावाकडे वळले.

जिन्यापाशी ते त्यांच्या दाराकडे गेले आणि मी वर चढले. नेहमीपेक्षा जरा भरभरच चढले. कुलूप उघडलं आणि चपला काढायच्या आधी पर्समधून फोन काढून लिहिलं, "पोचले."

फोन वाजला नाही. बराच वेळ काहीच आलं नाही. मग उत्तर आलं, "बरे झाले. जेवून घ्या."

साडेदहा वाजले होते. आजोबा पेपरातून डोकं वर काढून म्हणाले, "आज इतक्या लवकर पान वाढतेस?"

मी म्हटलं, "हो."

ईशान, रेवा, पेडणेकरांचा नंबर तुमच्या आईकडे आहे.