गंगाधरतात्यांचं परराष्ट्र धोरण

"काय तात्या, बरं हाय का?" असं आमच्या गंगाधरतात्यांना सहज विचारायची सोय नव्हती. माणूस आधी आभाळाकडं बघायचा, धोतराचा सोगा सावरायचा आणि मग सांगायचा, "पश्चिमेकडं जरा तंग हाय. पर बोलणी तुटली न्हाईत." विचारणाऱ्याला वाटायचं, पश्चिमेच्या बांधावर काही भांडण झालं असेल. तात्या बोलत असायचे रशिया-अमेरिकेचं.

तात्या गावच्या दूध सोसायटीचे सेक्रेटरी आणि मी त्यांच्या हाताखाली दुधाचं माप घालणारा. त्यामुळं जगाची खबर सगळ्यात आधी माझ्या डोक्यावर आदळायची. पेपर नेकनूरहून एस.टी.नं यायचा, तोही दुसऱ्या दिवशी. "तात्या, हे तर कालचं," म्हटलं की म्हणायचे, "लढाई काय एका दिसात शिळी होती व्हय रे?" भिंतीवर शाळेनं टाकून दिलेला जगाचा नकाशा होता. त्यातला ऑस्ट्रेलिया एका शेळीनं खाल्लेला. तात्यांना त्याचं फार वाटत नसे. "त्यो तसाबी कुणाच्या अध्यात न्हाई, मध्यात न्हाई," म्हणायचे.

सगळं जग त्यांच्या लेखी एक भावकी होती. "ह्ये थोरल्या घरचे, लई माजलेत. अन् ह्ये धाकल्या पातीचे. त्यान्ला पाणी थोरल्याच्याच हिरीवरून घ्यायचंय, म्हून गप." मोठमोठ्या देशांच्या पुढाऱ्यांना ते मराठीतून पोस्टकार्डं लिहायचे, वर 'स. न. वि. वि.' घालून. एकाचं तरी उत्तर आलं का, असं मी एकदा मुद्दाम खोचून विचारलं. तात्या शांतपणे म्हणाले, "मोठ्या माणसाला इचार करायला येळ लागतो."

तात्यांच्या घरच्या काकू मात्र वैतागायच्या. "कुठल्या समुद्रात कुणाचं जहाज अडलं ते ह्यान्ला ठाव. दारात टँकर येऊन गेला ते न्हाई."

त्या वर्षी पाऊस नावालाच पडला. तालुक्यातल्या संस्थांनी मिळून माळावर चारा छावणी काढली आणि तिचा कारभार आमच्या सोसायटीकडं आला. आठ गावांची जनावरं एका माळावर, जनावरामागं घरातलं एक माणूस, दिवसाला मोजून ऊस आणि टँकरचं पाणी. सगळा मुलूख तोंड वाळवून बसलेला आणि हा बाबा खुशीत! आयुष्यभर नकाशावर बघितलेलं जग आता त्यांच्या ताब्यात आलं होतं. मला तर रागच यायचा.

पहिल्याच आठवड्यात वरच्या वाडीची आणि खालच्या वाडीची जुंपली. भांडण एका बाभळीच्या सावलीवरून. तात्यांनी चुन्याच्या दोन रेघा ओढल्या आणि मधे बारा फुटांचा तटस्थ पट्टा काढला. पट्टा मोकळा राहिला तर कुणीतरी घुसणार, म्हणून तिसऱ्या गावच्या कोंडाबाईची म्हैस तिथं बांधली. म्हशीचं कुणाशी वाकडं नव्हतं. तिनं इकडचाही ऊस ओढला आणि तिकडचाही. महिन्यात छावणीतली सगळी जनावरं जेमतेम तगली, ती म्हैस तेवढी गुटगुटीत झाली. लोक तक्रार घेऊन आले तर तात्या म्हणाले, "जगातबी असंच चालतंय. पर भांडण मिटलं का न्हाई?"

मिटलं होतं, हे कबूल केलं पाहिजे. पुढं त्यांनी नियमच काढला. दोन्ही बाजूंची संमती असल्याशिवाय कुणाच्या जनावराची मेख हलवायची नाही. पाठीमागं हसत का होईना, लोक तो पाळायचे.

मग एका सकाळी एकनाथ आला. एकनाथ म्हणजे तात्यांचा सख्खा धाकटा भाऊ. ओढ्यापल्याडच्या वस्तीवर राहायचा. चार वर्षांपूर्वी दोघांची वाटणी झाली, त्या दिवसापासून बोलणं बंद. वाटणीला बसलेल्या पंचांनी सगळं अगदी काटेकोर निम्मं केलं होतं. राजा-परधानची बैलजोडी होती, तीही निम्मी केली. राजा तात्यांना, परधान एकनाथला. न्याय सोळा आणे झाला आणि दोन्ही घरची औतं थांबली. एका बैलानं कुठं नांगर चालतो का? दोघंही पेरणीला तिसऱ्याचा बैल मागून आणायचे, पण बैलाला बैल देऊन एकमेकांशी सावड करायचे नाहीत.

तात्यांनी एकनाथला जागा दिली पार शेवटच्या ओळीत. पण पुढच्या ओळीत बांधलेल्या तात्यांच्या राजाचं हंबरणं तिथवर पोचायचंच. ते कानावर पडलं आणि परधाननं चाऱ्याला तोंड लावणं सोडलं. अंबाजोगाईहून जनावरांचे डॉक्टर आले, तपासून म्हणाले, आजार काही नाही. उपाय साऱ्या छावणीला कळत होता. दोघांना शेजारी बांधा. पण त्याला दोन्ही बाजूंची संमती पाहिजे ना!

तात्या मला म्हणाले, "त्यान्ला इचार, काई अर्ज करायचा हाय का." एकनाथ मला म्हणाला, "सेक्रेटरीला सांग, आमची काई मागणी न्हाई." मी छावणीत ऊस तोलायला होतो, वकिली करायला नव्हतो. तरी तीन दिवस ह्या टोकापासून त्या टोकापर्यंत उन्हात पाय भाजून घेतले. परधानच्या बरगड्या मोजता यायला लागल्या. बैल जातोय का राहतोय, अशी गत झाली.

चौथ्या दिवशी दुपारी तात्या खुर्चीवरून उठले. पहार घेतली, राजाची मेख स्वतः उपटली आणि त्याला घेऊन चालायला लागले. सगळी छावणी बघत होती. मी मागोमाग गेलो. तात्यांनी राजाचा कासरा एकनाथपुढं धरला.

"जोडी तू घे. मला नगं."

एकनाथनं कासरा घेतला नाही. म्हणाला, "दादा, वाटणीच्या दिशी म्या ह्येच म्हणलतो. जोडी तू घे, मला नगं."

"म्हाईत हाय," तात्या म्हणाले. "मला त्यो टोमणा वाटला. वाटलं, पंचांम्होरं माझ्यावर उपकार दावतोय. म्हून म्याच म्हणलो, एकेक वाटा. चुकलं माझं." चार वर्षं सख्ख्या भावाशी न बोलता जगाला शहाणपण लिहिणारा माणूस मला त्या घडीला फार एकटा वाटला. त्याच्यावर हसलो होतो त्याचं वाईट वाटलं.

तोवर परधाननं राजाची मान चाटायला सुरुवात केली होती. एकनाथनं उसाच्या वाढ्याची पेंडी पुढं सारली. राजा खायला लागला, ते बघून परधाननंही एक पात ओढली. मग दुसरी.

"तू जेवला का, दादा?" एकनाथनं विचारलं.

तात्या बैलाकडंच बघत होते. "त्यो खाईल तवा बघू म्हणलं."

"म्हंजी तीन दिस?"

माझ्या एकदम ध्यानात आलं, काकूंनी पाठवलेला डबा ते तीन दिवस रोज कोंडाबाईकडं द्यायला लावत होते. मला वाटायचं, हीही परदेशी मदत.

एकनाथनं खाली बसून फडकं सोडलं. एकच भाकर होती. त्यानं ती मोडली आणि त्यातला मोठा तुकडा तात्यांपुढं केला. तात्यांनी हात पुढं केला आणि मुकाट्यानं तो घेतला.